पहिल्या बासला थांबायचं नसतं

दोन हजार बावीस साल. मी एकाहत्तर वर्षांचा. शाळेच्या दाखल्यावर एकोणसत्तर आहे, पण तो दाखला मास्तरांनी अंदाजानं लिहिलेला. माझ्या आईचं म्हणणं वेगळं होतं, आणि मी जन्मलो तेव्हा आई हजर होती, मास्तर नव्हते. शाळा मी तिसरीपर्यंत केली. लोक म्हणतात मी शाळा सोडली. मी म्हणतो, तिथलं शिकवण्यासारखं संपलं.

एवढ्या शिक्षणावर माणसानं एका शब्दाबद्दल लिहावं का, असं कुणी विचारलं तर सांगतो, त्या शब्दाला शिक्षण लागत नाही. शब्द आहे 'बास'. शिकलेली माणसं 'बस' लिहितात. बस एसटी स्टँडवर मिळते. आम्ही सोलापूरची माणसं बास म्हणतो, आणि दिवसातनं इतक्या वेळा म्हणतो की त्यातलं निम्मं कशासाठी म्हटलं ते म्हणणाऱ्यालाही ठाऊक नसतं.

सायकलीत हवा भरणाऱ्याला बास म्हटलं की तो वर दोन दट्ट्या मारतोच. न्हाव्याला म्हटलं की तो "एवढं एकच" म्हणतो आणि कानामागं परत सुरू होतो. ट्रक मागं घेताना किन्नर "येऊ द्या, येऊ द्या" करत शेवटी पत्र्यावर थाप मारून बास म्हणतो. एकदा एकानं ते जरा उशिरा म्हटलं, म्हणून आमच्या गल्लीतला विजेचा खांब अजून वाकडा आहे. भांडणात कुणी बास म्हटलं तर समजायचं, आता सुरुवात झाली. ओळखीच्या दुकानापुढनं राम राम न करता गेलं की दुकानदार आतनं म्हणतो, "बास का मालक?" त्याला काही थांबवायचं नसतं. त्याचा अर्थ एवढाच की आमच्याकडं बघितलं नाहीस, हे बरं केलं नाहीस. आताची पोरं कुणाची तारीफ करायची झाली की म्हणतात, "विषयच न्हाय, बास." विषय नाही म्हणतात आणि तासभर त्याच विषयावर बोलतात.

एकच बास असं आहे की ते कुणाला अडवत नाही. पोर रडायला लागलं की बाई त्याला खांद्यावर टाकून पाठीवर थोपटत म्हणते, बास बास बास. पोर लगेच थांबतं असं नाही. बाईही थांबत नाही. दोघं आपापलं काम करत राहतात.

मी अक्कलकोट रोड एमआयडीसीत टॉवेलच्या कारखान्यात अडतीस वर्षं मागावर काढली. ज्यानं शेडमध्ये पाय ठेवला नाही त्याला आवाज सांगून कळायचा नाही. पन्नास माग एका वेळी खडखडत असताना माणूस कानाला तोंड लावून बोंबलला तरी ऐकू येत नाही. म्हणून आम्ही ओठ वाचायचो. कुणी शिकवलं नाही. सहा महिन्यांत येतंच. चार माग सोडून उभा असलेला माणूस आवाज न काढता नुसते ओठ हलवून बोलायचा आणि आपल्याला अक्षर न् अक्षर कळायचं. सुपरवायझर मागं उभा असला तरी त्याला काही कळायचं नाही, आणि आम्ही बोलायचो बहुतेक त्याच्याबद्दलच.

माझ्या शेजारच्या मागावर तेलुगू घरातला एक गडी होता. माझ्या घरात कन्नड, त्याच्या घरात तेलुगू, आमचं दोघांचं मराठी. माझ्या घरी बास म्हणायचं तर 'साकु' म्हणतात. त्याच्या घरी 'चालु' म्हणतात. पहिल्याच आठवड्यात तो मागाखाली वाकून काहीतरी बसवत होता आणि मी वरनं हातानं चाक फिरवत होतो. तो खालनं ओरडला, "चालु, चालु." मी म्हटलं, चालू तर चालू, आणि आणखी जोरात फिरवलं. ताण्याचे शे-दोनशे धागे तुटले. ती दुपार आम्ही दोघांनी समोरासमोर बसून धागे गाठी मारून जोडण्यात घालवली. त्यानं चार भाषांत शिव्या दिल्या. मैत्री तितंनंच सुरू झाली, आणि कारखाना सुटून पंधरा वर्षं झाली तरी आहे. त्याची बायको वारली. एक लेक आहे, ती सकाळच्या शाळेत बाई आहे. जावई पुण्याला नोकरीला, म्हणून ती पोराबाळांसकट बापापाशीच राहते.

आता पंगतीचं सांगतो, कारण सगळं तितं झालं.

आमच्या भावकीत आणि गल्लीत कुठलंही कार्य असलं तरी हुग्गी मी वाढायची, असा नेम पडून गेला होता. हुग्गी म्हणजे गव्हाची गुळातली खीर, खसखस-खोबरं घातलेली, वर गरम तूप. मीठ-चटणी कुणीही वाढावं. भात वाढायला दोन धडधाकट माणसं लागतात. हुग्गीला मात्र माणूस जाणता लागतो, कारण खाणारा बास म्हणतो आणि त्यातलं खरं कुठलं ते वाढणाऱ्यानं ओळखायचं असतं. पहिलं बास रीत म्हणून असतं. दुसरं शेजारी बघतोय म्हणून. तिसऱ्याला ताटावर हात आडवा येतो. तेव्हा वगराळं हलकं तिरपं करून बोटांच्या फटीतनं धार सोडायची. माणूस दोन्ही हात पसरून ताटावर ओणवा झाला की मग पुढं सरकायचं. पहिल्या बासला जो थांबला तो वाढपी नव्हे, रेशन दुकानदार. असं मी नव्या पोरांना सांगायचो. आणि एकदा ताटात पडलं की टाकायचं नाही. आमच्यात पानात टाकलं तर यजमानाच्या तोंडावर टाकल्यासारखं असतं. त्यामुळं वाढप्यानं घातलं की खाणाऱ्याची सुटका नाही. हे मला ठाऊक होतं. चाळीस वर्षं ठाऊक होतं.

नातीचं बारसं होतं. गल्लीत मांडव घातला होता. अक्कलकोटहून व्याही आले होते, त्यांच्याबरोबर त्यांच्याकडची माणसं. दुसऱ्या पंगतीला माझा दोस्त बसला, भिंतीकडनं तिसरा. त्याच्यासमोरच्या रांगेत व्याही.

मी बादली घेऊन आलो. एक वगराळं घातलं. तो म्हणाला, "बास." मी दुसरं घातलं. त्यानं हात आडवा धरला. मग मान वर केली, माझ्याकडं बघितलं आणि आवाज न काढता नुसत्या ओठांनी, शेडमध्ये बोलायचो तसं बोलला. म्हणाला, डॉक्टर नको म्हणलाय, साखर लई हाय.

मला अक्षर न् अक्षर कळलं. त्याला साखर आहे हे मला तोवर माहीत नव्हतं. गल्लीत कुणालाच माहीत नव्हतं. पंगतीला कळू नये म्हणून तर तो तसा बोलला. आणि मी बादली हातात धरून, व्याह्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणालो, "पुटपुटतोस काय, तोंड उघड, थेट तोंडात वाढतो."

पंगत हसली. व्याही हसले. त्यांच्याकडचा एक म्हातारा हसता हसता ठसकला. मी दोस्ताचा हात धरून बाजूला केला आणि आणखी दोन वगराळी घातली, वर तूप सोडलं. त्यानं माझ्याकडं एकदा बघितलं. मग खाली मान घालून सगळं खाल्लं.

जेवण झाल्यावर बराच वेळ तो मांडवातच खुर्चीवर बसून होता. चारच्या सुमाराला उठला, चप्पल शोधायला वाकला आणि तितंच पायरीवर बसला. घाम फुटला होता. बोलावलं तर ओ देईना. रिक्षात घालून दवाखान्यात नेला. साखर इतकी चढली होती की ठेवून घेतला. डॉक्टर म्हणाले, गोळ्या पण नीट घेत नव्हते, महिनाभर वाढतच असणार. हुग्गी खाल्ली नसती तर हे झालं नसतं का, हे डॉक्टरांनी सांगितलं नाही. मीही विचारलं नाही.

त्याची लेक आली. तिला पंगतीतलं कुणीतरी सांगितलं असावं. वॉर्डाच्या दारात माझ्यापुढं उभी राहिली. मोठ्यानं बोलली नाही. वर्गात पोरांशी बोलत असेल तशी बोलली.

"काका, बास. आता तुम्ही इथं येऊ नका. घरी पण येऊ नका."

चाळीस वर्षं मी लोकांचं बास ओळखत आलो. हे ओळखायला काही करावं लागलं नाही. मी घरी आलो.

घरी दुसरंच चाललं होतं. बायको म्हणाली, तुम्हाला ऐकू आलं नाही म्हणून सांगा. त्यात खोटं काय, तुम्हाला ऐकू येतंय कुठं? मागाच्या आवाजानं माझे कान गेलेत, असं ती दहा वर्षं म्हणत होती. मी दहा वर्षं भांडत होतो की माझे कान चांगले आहेत, तूच तोंडातल्या तोंडात बोलतेस. कानाचं मशीन आणायला मुलगा दोनदा तयार झाला, दोन्ही वेळा मी त्याला हाकलला. आता व्याह्यांचाही फोन आला की म्हाताऱ्या माणसाला ऐकू गेलं नसेल, मनाला लावून घेऊ नका. शेजारीपाजारीही तेच. मुलगा दवाखान्यात जाऊन आला आणि म्हणाला, तुमचे दोस्त स्वतःच येईल त्याला सांगतायत की त्याला ऐकू येत न्हाय, त्याचा काय दोष.

त्यानं सांगितलं म्हटल्यावर झालंच. दहा वर्षं मी ज्यासाठी भांडलो ते एका मिनिटात सोडलं आणि बहिरा झालो. कुणी विचारलं की कानाला हात लावून दाखवायचो. बायको खूश. म्हणाली, आता मशीनचं बघू या. मी तिलाही व्हय म्हणालो.

चार दिवसांनी त्याला घरी सोडलं. मी गेलो नाही. कामाला नव्हतो, आजारी नव्हतो, तरी गेलो नाही. त्याच्या गल्लीवरनं जायला लागू नये म्हणून भाजीला लांबच्या बाजारात जायला लागलो. बायकोनं विचारलं, एवढ्या लांब का? मी म्हटलं, तिथली मेथी चांगली असते. ती म्हणाली, मेथी आणली कुठाय तुम्ही, दोडका आणलाय. मला वाटायचं, लेकीचा राग कमी होईल मग जाऊ. मग वाटायला लागलं, राग कमी झाला तर जास्त अवघड. रागावलेल्या माणसापुढं उभं राहता येतं.

पुढच्या रविवारी गेलो. दुपारची वेळ होती. दार लेकीनंच उघडलं. मी उंबऱ्याबाहेरच थांबलो. ती म्हणाली, "या की काका, बाहेर का उभे?"

दोस्त खाटेवर उशीला टेकून बसला होता. निम्मा झाला होता. मला बघून त्याला बरं वाटलं हे दिसत होतं, आणि ते बघून मला बरं वाटलं नाही. मी खुर्चीवर बसलो. लेकीनं पाणी दिलं. तांब्या हातातच धरून ती उभी राहिली आणि म्हणाली, "माझं चुकलं काका. त्या दिवशी मी तुम्हाला नको ते बोलले. तुम्हाला ऐकूच आलं नव्हतं, बाबांनी सांगितलं मला. तुमच्या वयाच्या माणसाला मी असं दारातनं घालवायला नको होतं."

मी पाण्याचा पेला खाली ठेवला. तिच्या मागं खाटेवर तो ओठ हलवत होता. म्हणत होता, गप बस, मिटलंय, गप बस.

आयुष्यात मी कुणाची माफी मागितलेली मला आठवत नाही. बायकोला विचारलं तर तिलाही आठवणार नाही. मालकापुढं मान खाली घातली नाही, दोनदा काम जायची वेळ आली तरी घातली नाही. त्या दिवशीही मी माफी मागायला गेलो होतो असं नाही. बघायला गेलो होतो. पण मास्तरीणबाई हात जोडून माझीच माफी मागायला लागली, आणि ती घेऊन घरी जायचं म्हणजे पुढं जिवंत असेपर्यंत त्या घरात बहिरा म्हणून बसायचं.

मी म्हणालो, "ऐकू आलं न्हवतं ते खरं हाय. पर त्यो बोललाच न्हवता, वठ हलवले हुते त्यानं. डॉक्टर नको म्हणलाय, साखर लई हाय, असं म्हणला. मला समदं कळलं. लोक हसावेत म्हणून वाढलं म्या."

खाटेवरनं दोस्त म्हणाला, "झालं. मला बी खोटा पाडलास."

लेक वळून आत गेली. आतनं भांड्यांचा आवाज यायला लागला. मी उठलो, चप्पल बघायला लागलो. दोस्त म्हणाला, बस खाली, तिनं जा म्हणलंय का? मी म्हणालो, आठ दिवसांपूर्वी म्हणली हुती की. तो म्हणाला, ते आठ दिवसांपूर्वीचं झालं. एवढ्यात ती दोन ताटं घेऊन आली. एक बापापुढं ठेवलं, एक माझ्यापुढं. म्हणाली, जेवायची वेळ आहे, जेवून जा.

ज्वारीची भाकरी, दोडक्याची भाजी, ताक. बापाला मोजून एक भाकरी. मला अर्धी वाढली आणि टोपलं पुढं धरून विचारलं, "भाकरी?"

मी सवयीनं म्हणालो, "बास."

तिनं टोपलं झाकलं आणि आत नेऊन ठेवलं. मी वाट बघत बसलो. ती भाजीचं पातेलं घेऊन आली. "भाजी?" मी म्हणालो, बास. तिनं पातेलंही नेलं. एका शब्दानं आग्रह केला नाही. मी दारातल्या पडद्याकडं बघत होतो, आता येईल, आता येईल. ती आली ती हात धुवायला पाणी घेऊन. एकाहत्तर वर्षांत माझं पहिलं बास कुणी खरं मानल्याची ती पहिलीच वेळ. मी अर्ध्या भाकरीवर उठलो.

दोस्त ताटावरनं मान वर न करता हसत होता. खांदे हलत होते. तिला राग होता का नव्हता, का ती रोज सगळ्यांना तसंच वाढते, हे मला अजून सांगता येणार नाही. विचारायची सोय नव्हती.

मी निघालो तेव्हा ती दारापर्यंत आली. हातात फाईल होती. म्हणाली, उद्या सकाळी बाबांना लॅबमध्ये रक्त द्यायला न्यायचंय, सात वाजता. माझी शाळा असते. कुणी नाही न्यायला. मी म्हणालो, मी नेतो. तिनं फाईल लगेच दिली नाही.

"उपाशीपोटी न्यायचं आहे. वाटेत चहा पाजायचा नाही. त्यांनी कितीही मागितला तरी."

मी म्हणालो, "व्हय."

मग तिनं फाईल दिली.

दुसऱ्या दिवशी सकाळी साडेसहाला मी त्याच्या दारात होतो. घरनं निघताना बायकोनं चहाचा कप पुढं केला, मी घेतला नाही. दोस्ताचा दंड धरून चालत निघालो. कोपऱ्यावरच्या चहाच्या गाड्यापाशी तो थांबला. म्हणाला, अर्धा कप घे की दोघांत. मी न्हाय म्हणालो. बिनसाखरेचा घेऊ, म्हणाला. मी न्हाय म्हणालो. मग म्हणाला, आठ दिवस तुझ्यासाठी येईल त्याच्याशी खोटं बोललो, त्याचं हे फळ का? मी त्याला हाताला धरून पुढं नेलं. लॅबमधल्या मुलीनं रक्त घेतलं आणि सांगितलं, आता घरी जाऊन खा आणि बरोबर दोन तासांनी परत या. मी त्याला घरी आणलं. लेकीनं शाळेला जाताना झाकून ठेवलेली एक भाकरी आणि भाजी त्याच्यापुढं ठेवली, आणि घड्याळ दिसेल अशी खुर्ची ओढून दोन तास व्हायची वाट बघत बसलो.